घरचं दळण

"बाई, नंबर लागेल तुमचा. जरा दम धरा की."

अप्पा खुर्चीत बसून हे म्हणाले तेव्हा माझ्या हातात गाजराच्या चकत्यांची ताटली होती आणि पुढ्यातल्या प्लास्टिकच्या पसरट ट्रेमध्ये कोंड्याखाली अळ्या वळवळत होत्या. गिरणी बंद पडून बरीच वर्षं झाली होती. मोटार विकली होती, पट्टा उंदरांनी कुरतडला होता. दगड तेवढे जागेवर होते, कारण ते उचलायला कुणी तयार नव्हतं. तरी रोज सकाळी अप्पांना शटर उघडून हवं असायचं. शटर उघडलं की ते खुर्चीत बसायचे आणि मी त्यांची मुलगी न राहता गिऱ्हाईक व्हायचे.

"काय आणलंय? गहू का ज्वारी?"

"गहू."

"ज्वारीचं चाललंय आता. संपलं की गव्हाचं घेतो. बसा तिथं कट्ट्यावर."

मी कट्ट्यावर बसले. मला 'बस' म्हणणारं घरात दुसरं होतं तरी कोण? स्वयंपाक, धुणं, अप्पांची अंघोळ, अप्पांनी अंघोळीला दिलेला नकार, मग पुन्हा अंघोळ, यात दिवस कधी सरायचा कळायचं नाही. गिऱ्हाईक म्हणून का होईना, पाच मिनिटं टेकायला मिळायचं. अप्पांची नजर रस्त्याकडे वळली की मी कोपऱ्यातले ट्रे झाकणारा पोत्याचा पडदा सारून त्यांमध्ये गाजर टाकून घ्यायचे.

आमची बार्शीतली गिरणी म्हणजे घराचीच पुढची खोली. सिद्रामप्पांची गिरणी म्हटलं की तीन गल्ल्यांपलीकडचा माणूसही हात करून दाखवायचा. अप्पांच्या गिरणीला दोन नियम होते. पहिला असा, की पिठात कीड दिसता कामा नये. मी लहान असताना एका बाईंनी डबा परत आणला होता, पिठात अळी निघाली म्हणून. अळी त्यांच्याच गव्हातली होती हे अख्ख्या गल्लीला ठाऊक होतं. पण अप्पांनी त्यांना आमच्या घरचं पीठ दिलं, गिरणी बंद केली आणि दगडापासून आढ्यापर्यंत सगळं झाडून काढलं. त्या दिवशी ते जेवले नाहीत. मेलं तरी कुणाच्या पिठात औषधाची पूड टाकायची नाही, हाही त्यांचा हट्ट. कीड लागली तर चाळायचं आणि ऊन दाखवायचं. "ऊन लागलं की ती आपल्या पायानं जाती. मारायचं कशाला तिला?" असं म्हणायचे. गळ्यात लिंग असलेल्या माणसानं हातानं जीव घेऊ नये, एवढं त्यांचं साधं गणित होतं. चाळून खाली पडलेला भुगाही टाकायचा नाही. तो डब्यात भरून, तोंडाला फडकं बांधून ठेवायचा आणि शेजारच्या गाईला घालायचा. झाकण लावलं की पीठ घामेजतं, म्हणून आमच्याकडे कुठल्याच डब्याला लगेच झाकण लागत नसे.

दुसरा नियम आमच्या आईच्या, अव्वाच्या, डोक्यात जायचा. गिऱ्हाइकांचे डबे कट्ट्यावर, ओळीनं. आमचा डबा आत, दगडाच्या मागच्या भिंतीतल्या कोनाड्यात. गिऱ्हाइकांचं सगळं संपलं की मग शेवटाला घरचं. दिवाळीच्या दिवसांत कट्टा भरलेला असला की आमची चूल रिकामी. मी आणि बसूदादा ताटं घेऊन बसायचो आणि अव्वा आतून ओरडायची, "गावाला पीठ आन् घरात पोरं उपाशी! आपला डबा कवा घेणार?" अप्पा पिठानं पांढऱ्या झालेल्या भुवया वर करून म्हणायचे, "घरचं हाय ते. घरचं कुठं पळून चाललंय?"

अशा माणसाच्या गिरणीत मी अळ्या पाळायला घेतल्या होत्या.

याला कारण फारूकभाई. सोलापुरात त्यांचं पक्ष्यांचं आणि शोभेच्या माशांचं दुकान. मी लातूरला कापडाच्या दुकानात बिलाच्या काउंटरवर होते, तेव्हा त्यांची बहीण माझ्याबरोबर होती. अव्वा गेली, अप्पा एकटे पडले, एकदा गॅस चालू ठेवून गावदेवीला निघून गेले. मग मी नोकरी सोडून बार्शीला आले. लग्न झालेलं नव्हतं, त्यामुळे 'गिरिजाला काय, मोकळीच आहे' हे सगळ्यांनी परस्पर ठरवून टाकलं होतं. मीही नाही म्हटलं नाही. वर्षभरात शिल्लक संपत आली, तेव्हा फारूकभाई एक डबा घेऊन आले.

"ताई, कायबी नाही ह्यात," त्यांनी झाकण उघडलं आणि मी दोन पावलं मागं सरले. "भिऊ नका. चावत नाहीत, उडत नाहीत, वास नाही, आवाज नाही. गव्हाचा कोंडा घाला, तेच खाणं आन् तेच अंथरूण. पाण्याऐवजी गाजराची चकती. पाणी ओतलं तर बुरशी येऊन सगळं जाईल. अळीचा कोष झाला की उचलून वेगळा ठेवायचा, नाहीतर बाकीच्या त्यालाच खाऊन टाकतात. कोषातून भुंगा निघतो, भुंगा अंडी घालतो, परत अळ्या. तुम्ही वाढवा, जेवढ्या होतील तेवढ्या मी नेतो. माझ्याकडं मैना हाय, बुलबुल हाय, मासे हायत, सगळे तोंड उघडूनच बसलेत."

"आणि बाहेर निघाल्या तर?"

"कशा निघतील? ट्रेच्या भिंती गुळगुळीत. चढताच येत नाही त्यांना. थंड आन् अंधाराची जागा बघा फक्त."

थंड आणि अंधाराची जागा आमच्या घरात एकच होती.

दादा पुण्याला असतो. फोनवर त्याला सांगितलं तर तो आधी हसला. "गिरिजा, हे बघ," तो म्हणाला, "मी काही वाईट मुलगा नाही. पण तू तिथं झिजून चाललीस. इकडं एक संस्था बघितलीय मी. चांगली आहे, डॉक्टर असतो. अप्पांना तिथं ठेवू, तू परत नोकरी बघ."

"अप्पा घराबाहेर चार दिवस राहणार नाहीत दादा. त्यांना गिरणी लागते."

"गिरणी बंद आहे."

"ते त्यांना कुठं माहितीय?"

शेवटी असं ठरलं, की उन्हाळ्यात तो येऊन बघेल. माझा जम बसला असेल, घरात राहून माझं मला निभत असेल, तर अप्पा घरीच. नसेल, तर मी हट्ट सोडायचा. मी बरं म्हटलं.

सुरुवातीला सगळं छान चाललं. पहिल्या डब्यातल्या अळ्या मोठ्या झाल्या, त्यातल्या काही फारूकभाईंनी नेल्या, उरलेल्यांचे कोष झाले आणि कोषांतून भुंगे निघाले. आधी तांबूस, मग काळे कुळकुळीत. मी त्यांचा वेगळा ट्रे केला आणि पुढच्या पिढीची वाट बघत बसले. ती काही येईना. दर आठवड्याला मी भुंग्यांचा ट्रे चाळायचे, खालचा भुगा तुळशीच्या कुंडीत टाकायचे, ताजा कोंडा घालायचे. तुळस फोफावली. भुंगे नुसतेच म्हातारे होत होते. ट्रेमधल्या अळ्या तर प्रत्येक खेपेला कमी होत चाललेल्या. फारूकभाईंना विचारलं तर म्हणाले, "थंडीत उशीर लागतो ताई, थांबा जरा." थांबण्यात तर माझा हातखंडा होता. मी थांबले.

एप्रिलमध्ये दादाचा फोन आला, की येतोय. मी घर आवरायला काढलं. अप्पांची दाढी केली, ती करताना दोनदा ओरडून घेतलं. एकदा त्यांनी आणि एकदा मी. त्या दिवसांत मी ओरडायला लागले होते. ओरडून झालं की लाज वाटायची, आणि लाज वाटायलाही ताकद लागते हे मला तेव्हाच कळलं.

"बसू येणार आहे अप्पा," मी त्यांच्या गालावरचा साबण पुसत म्हटलं.

"कोण बसू?"

"तुमचा मुलगा. पुण्याला असतो तो. सगळं बघणार आहे तो. घर कसं आहे, गिरणी कशी आहे."

"गिरणी बघणार?" अप्पा एकदम ताठ झाले. "काय बघायचंय गिरणीत? चोख हाय माझी गिरणी."

"हो हो, चोखच आहे," मी म्हटलं आणि तांब्या घेऊन आत गेले.

दादा येणार त्या सकाळी त्याच्या आवडीच्या शेंगदाण्याच्या पोळ्या करायला घेतल्या. अप्पा शटरपाशी खुर्चीत होते. गिरणीतून चाळणीचा आवाज येत होता, सरक-सरक, सरक-सरक. त्या आवाजात मी लहानाची मोठी झालेय, त्यामुळे तो ऐकून मला काही वावगं वाटलंच नाही. उलट बरं वाटलं. आज अप्पा निवांत आहेत, एवढंच मनात आलं. पोळ्या झाल्या, भाजी झाली, मी जरा भिंतीला टेकले आणि तिथंच माझा डोळा लागला.

जागी झाले ती दादाच्या हाकेनं. "गिरिजा! अगं गिरिजा, हे काय चाललंय?"

हाक वरून, गच्चीवरून येत होती. मी तशीच जिना चढले. एप्रिलचं बार्शीचं ऊन, फरशीवर पाय ठेववत नव्हता. सगळे ट्रे गच्चीवर एका ओळीत मांडलेले. अप्पा डोक्यावर टॉवेल टाकून त्यांच्याशेजारी उकिडवे बसलेले, घामानं निथळत. दादा खांद्यावरची पिशवीसुद्धा खाली न ठेवता उभा. कोंडा असा कुठल्याच ट्रेमध्ये नव्हता, नुसत्या अळ्या होत्या आणि एका ट्रेमध्ये भुंगे. बऱ्याचशा निपचित पडल्या होत्या. काही अजून ट्रेच्या भिंतीला लागून वर चढायला बघत होत्या आणि घसरत होत्या.

"जाईनात की," अप्पा मला म्हणाले. त्यांचा चेहरा कावराबावरा झाला होता. "बाई, ऊन दाखवलं की जाते ही. दर टायमाला जाते. आज का जाईना झालीया?"

मी एक ट्रे उचलला. तो इतका तापला होता, की माझ्या हातातून निसटला. अळ्या फरशीवर सांडल्या. एकही हलली नाही.

कशी जाणार होती ती? पोत्यावर पसरली असती तर सावलीला निघून गेली असती. गुळगुळीत भिंतींच्या ट्रेमध्ये मी घातलं होतं तिला, न जाण्यासाठीच.

मी जिन्याच्या तोंडाशी सावलीत जाऊन खाली बसले. रडू आलं असतं तर बरं झालं असतं. मला हसू आलं आणि ते थांबेचना. अप्पाही माझ्याकडे बघून हसायला लागले, बिचारे. दादा धावत जाऊन पाणी घेऊन आला. त्यानं अप्पांना सावलीत नेलं, त्यांचं तोंड पुसलं, पंख्याखाली निजवलं. मग माझ्यापाशी येऊन बसला.

"पिठाला कीड लागलीय असं वाटलं त्यांना," मी म्हटलं. "तू गिरणी बघायला येणार म्हणून मीच सांगितलं होतं."

"बरोबर आहे त्यांचं," दादा म्हणाला. "आयुष्यभर तेच केलंय त्यांनी." त्यानं खांद्यावरची पिशवी उतरवली. "गिरिजा, आज अळ्या होत्या. उद्या त्यांनी स्वतःला उन्हात नेऊन बसवलं आणि तुझा डोळा लागला तर? आजही तेच झालं होतं. मी आलो तेव्हा त्यांना धड उभंही राहता येत नव्हतं."

तो मला दोष देत नव्हता. दिला असता तर मी भांडले असते, भांडणात निदान जीव तरी होता. पण त्याचं बोलणं खरं होतं.

"ने त्यांना," मी म्हटलं.

"नक्की?"

"ने दादा. मी दमले."

ते तोंडातून गेलं आणि मला इतकं हलकं वाटलं, की त्या हलकेपणाचीच भीती वाटली.

संस्थेतली जागा जूनमध्ये रिकामी होणार होती. तोवर अप्पा दादाकडे राहतील असं ठरलं. दुसऱ्या दिवशी गाडी दाराशी आली. अप्पांनी पांढरा सदरा घातला होता, टोपी काही सापडली नाही. गाडीत बसताना त्यांनी माझा हात धरला आणि आवाज खाली आणून म्हणाले, "बाई, तुमचं चाळून ठेवलंय बरं का. डबा न्या आठवणीनं."

"नेते," मी म्हटलं.

"कीड होती थोडी. काढली सगळी. कुणाला बोलू नका."

गाडी गेल्यावर मी कट्ट्यावर नजर टाकली. कट्टा मोकळा होता. कसला डबा आणि कसलं काय, म्हणून मी शटर खाली ओढलं.

त्यानंतर मी झोपले. उठायचं, चहा प्यायचा, पुन्हा झोपायचं. फारूकभाईंना फोन करून सगळं सांगितलं. "जाऊ द्या ताई, दुसरा डबा देतो, पुन्हा सुरुवात करू," असं म्हणाले. मी नको म्हटलं. लातूरच्या दुकानात विचारणा केली, ते ये म्हणाले. सगळं सुरळीत व्हायला लागलं होतं. फक्त सकाळी शटर उघडायच्या वेळेला जाग यायची आणि मग काही केल्या झोप लागायची नाही. घरात आवाज नव्हता. इतके दिवस ज्या शांततेसाठी जीव टाकला होता ती मिळाली होती आणि मला तिच्यात बसवत नव्हतं. मे महिना असा गेला.

दादा फोनवर सांगायचा. अप्पा बरे आहेत. जेवतात. बाल्कनीत बसतात. "बोलतात का?" मी विचारायचे. "फारसं नाही," तो म्हणायचा. एकदा म्हणाला, "सकाळी दार उघडायला जातात. मी उघडून देतो. बाहेर जिना बघतात आणि परत येऊन बसतात."

जूनच्या तोंडाला त्याचा फोन आला. जागा झाली होती, सोमवारी न्यायचं होतं. "त्यांची टोपी पाठव जमलं तर. सारखा डोक्याला हात लावतात."

टोपी शोधायला म्हणून मी शटर वर केलं. एवढ्या दिवसांनी गिरणीत पाऊल टाकलं. पोती, रिकामे ट्रे, चाळणी. टोपी दगडाच्या मागं पडली असेल म्हणून मी वाकून आत हात घातला. ती सापडली, पिठाच्या धुळीत. सरळ होताना माझं डोकं कोनाड्याशी आलं.

कोनाड्यात डबा होता. जुना, पितळी कडीचा, तोंडाला फडकं बांधलेला.

मी बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिले. कोनाड्यात डबा ठेवणारं आता कुणी नव्हतं. गिऱ्हाइकाचा डबा असता तर कट्ट्यावर असता. मी तिथं बघितलं होतं, तिथं नव्हता. वर्षभर अप्पा मला बाई म्हणत होते, नंबर लावायला सांगत होते, कोणत्या गल्लीतून आलात म्हणून विचारत होते. मी त्यांच्या ताटात भाकरी कुस्करून घालायचे तेव्हाही 'उपकार झाले बाई' म्हणायचे. हा माणूस मला ओळखत नाही, मग मी कुणासाठी मरमर मरतेय, असं कितीदा मनात येऊन गेलं होतं. तोंडाला माझी ओळख राहिली नव्हती. पण माझा डबा ठेवायची वेळ आली तेव्हा त्यांचे हात कट्ट्याकडे गेले नव्हते. दगड ओलांडून, भिंतीला धरत, त्यांनी तो घरच्या जागी नेऊन ठेवला होता.

मी तिथंच, पिठाच्या धुळीत बसून मनसोक्त रडले.

मग फडकं सोडलं. आत चाळणीखाली पडलेला सगळ्या ट्रेमधला भुगा होता, भुंग्यांच्या ट्रेतलासुद्धा. गाईला घालावा म्हणून मी डबा दाराशी, उजेडात आणला. भुगा जागच्या जागी हलत होता. आधी वाटलं, माझ्या डोळ्यांतल्या पाण्यामुळे तसं दिसतंय. बोट घातलं तर बोटाला केसाएवढ्या बारीक, पिवळट अळ्या चिकटून आल्या. डबाभर होत्या त्या. भुंग्यांनी अंडी भुग्यातच घातली होती. ती मी दर आठवड्याला चाळून माझ्या हातानं तुळशीत टाकत आले होते आणि नवी पिढी का येत नाही म्हणून फारूकभाईंचं डोकं खात होते. अप्पांनी तो भुगा टाकला नव्हता. टाकायचा नसतो म्हणून.

मी दादाला फोन लावला.

"सोमवारी नेऊ नकोस त्यांना. मी येतेय."

"काय झालं?"

"घेऊन जाते मी अप्पांना. घरी."

"गिरिजा, तू दमली होतीस. तूच म्हणाली होतीस."

"दमलेलीच आहे मी. अजूनही."

"मग?"

"मग काही नाही. दमलेली आहे आणि येतेय. मात्र एक कर दादा. महिन्यातले थोडे दिवस तू येऊन राहा इथं. मला झोपू दे तेवढे दिवस. एकटीच्यानं नाही निभणार. हे मी आधीच म्हणायला हवं होतं."

"येतो," तो म्हणाला. मग म्हणाला, "बाल्कनीत बसून ते लोकांना नंबर देतात गं. खालनं जाणाऱ्या लोकांना." आणि त्याला रडू फुटलं.

याला आता बरीच वर्षं झाली. दादानं शब्द पाळला. माझा अळ्यांचा जम बसला तो त्या एका डब्यातून, आणि अजून आहे. अप्पा त्यानंतर दोन उन्हाळे आमच्यात होते. ते सोपे गेले असं मी म्हणणार नाही. मी पुन्हा ओरडले, पुन्हा दमले, कधीकधी त्या संस्थेचा नंबरही काढून बघितला. अप्पांना माझं नाव काही पुन्हा आठवलं नाही.

पण पुण्याहून आणल्यावरची ती पहिली सकाळ सांगायची राहिली. मी शटर वर केलं. अप्पा येऊन खुर्चीत बसले, डोक्यावरची टोपी चाचपून नीट केली, कट्ट्याकडे बघितलं, रस्त्याकडे बघितलं. मी आतून तो कडीचा डबा घेऊन आले. त्यांनी मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं.

"काय आणलंय?"

"घरचंच आहे अप्पा."

"घरचं हाय व्हय?" त्यांनी हात लांब केला आणि कट्ट्यावरची धूळ तळव्यानं पुसली. "मग बस इथं. लोकांचं होऊ दे. आपलं शेवटाला घेऊ."

मी डबा कोनाड्यात नेऊन ठेवला आणि त्यांच्याजवळ येऊन बसले.